द्वारकीची बरणी

खाडीच्या मुखाशी आडवेली नावाचं गाव आहे. तिथे प्रत्येक घरात चुलीजवळ कुळथाच्या काळ्या रसाची एक बरणी असते, आणि ती कधी रिकामी होऊ देत नाहीत. पौषात एक दिवस ठरवून सगळं गाव तो रस लावून बांगडे भाजतं. ही रीत कुठून आली असं पाहुण्यांनी विचारलं, की म्हातारे बाबल तांडेल त्यांना ओट्यावर बसवून घेतात आणि सांगतात.

फार पूर्वी आगोटीच्या तोंडावर, पावसाळा लागता लागता, एक गलबत खडकांवर फुटलं. त्यातला एकच माणूस वाचला. जपान देशाचा होता म्हणे. पाय मोडलेला, भाषा कोणाला कळेना. द्वारकी कुबल त्याला घरी घेऊन आली. तिचा नवरा दोन वर्षांपूर्वी दर्यावर गेला, तो परतला नव्हता.

तिखट कालवण त्या माणसाच्या घशाखाली उतरत नसे. एक दिवस त्याने खुणेने कुळीथ मागितले. पावसाळ्यासाठी ठेवलेल्या कुळथातले निम्मे तिने दिले. त्याने ते शिजवले, पेंढ्यात झाकले, त्यांवर बुरशी येऊ दिली आणि मिठाच्या पाण्यात घालून बरणी बंद केली.

शेजारीण म्हणाली, "गो द्वारके, तुझे कुळीथ कुजवल्यान त्येना."

द्वारकी म्हणाली, "माझ्या घोवाक पण खयच्या तरी किनाऱ्यार कोण तरी जेवूक घालत आसात."

पण श्रावणात घरातलं धान्य सरलं. तेव्हा तिने ती बरणी उचलली. कुळीथ धुऊन शिजवले तर चार दिवस निघतील, असं तिच्या मनात आलं. झाकणावर हात ठेवून ती कितीतरी वेळ बसून राहिली. त्या माणसाने आपल्या पुढ्यातली पेज तिच्याकडे सरकवली. द्वारकीने बरणी जागेवर ठेवली.

पौषात त्याने रस गाळला. काळाभोर, खारट, पण वास असा की शेजारीणही दारात येऊन उभी राहिली. थोड्या रसात त्याने बांगडे मुरवले. आणखी थोड्यात माडाचा गूळ आणि आलं घालून तो मंद आचेवर चिकट होईपर्यंत आटवला. मासे निखाऱ्यावर ठेवून तो हा रस वरून पुन्हा पुन्हा लावत राहिला, आणि बांगडे लाखेसारखे चकाकू लागले. त्या दिवशी द्वारकी पोटभर जेवली आणि जेवता जेवता रडली, असं सांगतात.

महिनाभरात एका जहाजाने त्याला नेलं. जाण्याआधी त्याने बरणीच्या तळाशी उरलेल्या रसावर नवे बुरशी आलेले कुळीथ आणि मिठाचं पाणी घालून दाखवलं. द्वारकीने ते जन्मभर पाळलं. गावातली कोणीही मागायला आली, की वाटीभर रस विरजणासारखा द्यायची.

तिचा नवरा कधीच आला नाही. तो कुठल्या किनाऱ्याला लागला, त्याला कोणी जेवू घातलं की नाही, हे बाबल तांडेलांनाही ठाऊक नाही. पण आजही आडवेलीत पौषातल्या त्या दिवशी परका माणूस दारात आला, तर त्याला नाव-गाव विचारत नाहीत. आधी पान मांडतात.