सटवाजीचा गोळा

देवळापुढचा हा काळपट गोळा बघा. खुशाल हात लावा, पण हसू नका. आमच्याकडे ऐन अक्षतांना मांडव कोसळला, गाजावाजा केलेलं काम चारचौघांत फसलं, की लोक म्हणतात, "सटवाजी झाला!" बाहेरचे खदाखदा हसतात आणि माझं डोकं फिरतं. म्हणून नीट ऐकून जा.

सटवाजी हा इथला ओतारी, पितळ-काशाची ओतकामं करणारा. कितीतरी पिढ्यांपूर्वी त्याने म्हणे भैरोबाला शब्द दिला, पंचक्रोशीला ऐकू जाईल अशी घंटा ओतीन, नाही जमलं तर पुन्हा भट्टी पेटवणार नाही. घरोघरच्या बायांनी तांबे, पराती, तपेली आणून दिली. दिवस जत्रेचा ठरला. आदल्या दिवशी नेमका वळीव कोसळला.

धातू वितळून लाल झाला, तेव्हा सटवाजीने साच्याच्या तोंडाशी हात नेला. तळवा दमट! ओल्या साच्यात तापला रस पडला की साचा फुटतो आणि रस चहूकडे उडतो. साचा पुरलेल्या खड्ड्याच्या काठावर तर बायापोरं ओणवी होऊन बघत होती.

"मागं सरा!" तो ओरडला. पण ढोलांपुढे कोण ऐकतंय! पाटील गरजले, "ओत रे, मुहूर्त चालला!"

साचा वाळेपर्यंत रस थोडाच थांबतो! सटवाजीने एकदा देवाकडे पाहिलं आणि अख्खी मूस, रस वितळवायचं भांडं, बाजूच्या राखेत उपडी केली, असं सांगतात.

गावभरच्या भांड्यांचा एक वेडावाकडा गोळा झाला. मग काय! शिव्या, धोंडे, चिखल. पाटलांनी गावाबाहेर काढायची भाषा केली. लोक धोंडे मारायला लांब सरकले होते, तेवढ्यात सटवाजीने मुशीच्या तळाशी उरलेला पळीभर रस साच्यात सोडला.

धडाड! साच्याच्या ठिकऱ्या उडाल्या. त्याचा उजवा हात कोपरापर्यंत भाजला. पाटील मान खाली घालून निघून गेले.

गर्दीतून ठकूबाई म्हातारी पुढे आली. तिची नात खड्ड्याच्या अगदी काठावर होती. ओंजळभर पाणी त्याच्या तोंडाशी धरून म्हातारी म्हणाली, "माझा तांब्या त्या गोळ्यात गेला, लेका. आता माझ्या ओंजळीनंच पी."

सटवाजीने दिलेला शब्द पाळला, भट्टी पुन्हा पेटवली नाही. त्याचं नाव मात्र फजितीला चिकटलं ते चिकटलंच.

आजही कुणाचा सटवाजी झाला की आधी आम्ही हसतो, खोटं कशाला बोलू? मग गावातली सगळ्यांत म्हातारी बाई उठते आणि त्याला आपल्या ओंजळीतून पाणी पाजते.