हौसाची हाक

कांबळीनाथ महाराजांचा मुक्काम त्या वर्षी धुकाळी गावात होता. भाविकहो, हे गाव आपल्या नकाशात शोधू नका. ज्या मुलखात सांजेला दोन चंद्र उगवतात, त्या मुलखातले ते. महाराज गावाबाहेरच्या एका गोठ्यात उतरले होते. पाटलांनी मोठ्या हौसेने माडीवर बिछाना घातला, तर महाराज म्हणाले, "इथे गाई रवंथ करतात, त्या आवाजाने झोप छान लागते." झाले! पाटलांनी बिछाना गुंडाळून ठेवला.

गावाच्या माथ्यावर एक काळाभोर कडा होता. त्याला हाकेचा कडा म्हणत. समोर चराईचे पठार आणि पठाराच्या टोकाला खोल दरी. दिवस कलला की दरीतून धुके पाण्यासारखे पठारावर चढे आणि चालणाऱ्याला स्वतःचे पायसुद्धा दिसत नसत. अशा वेळी गावातल्या बाया कड्यापुढच्या चौथऱ्यावर उभ्या राहून आपापल्या लेकरांना हाक मारत. कडा ती हाक झेलायचा आणि धुक्यातून नेमकी त्या लेकराच्या कानी घालायचा. त्या आवाजाच्या मागे मागे पोर घरी यायचे.

कड्याची आणखी एक गंमत होती. तो एकही हाक टाकून देत नसे. भर दुपारी वारा पडला की जुन्या हाका हळूच बाहेर येत. "दगडू, ये रे, भाकरी निवली!" दगडूची आई जाऊन कितीतरी वर्षे झालेली, दगडू स्वतः आजोबा झालेला. गावातले म्हातारे जेवण झाले की 'जरा पडतो' म्हणून कड्याखाली जात. ते तिथे कशासाठी जातात, हे घरच्या सुनांना पक्के ठाऊक होते, पण कोणी बोलून दाखवत नसे. काय ते दिवस होते! आता दिवेलागणीला दारात उभे राहून पोरांना हाक मारणारे कोण उरले आहे? आठवले की जीव हुरहुरतो.

त्या गावात हौसा नावाची एक विधवा राहत होती. नवरा धुक्यात दरीत गेलेला, पदरी एक लहान लेक, बकुळी. हौसा जन्माची मुकी. ऐकू सारे यायचे, पण तोंडातून शब्द नाही. रोज सकाळी ती महाराजांना ताक आणून द्यायची आणि सांजेला इतर बायांबरोबर चौथऱ्यावर उभी राहायची. तिची बकुळी पठारावर कधी जातच नसे, जवळच ओढ्याकाठी खेळे. तरी आईने सांजेला हाक मारायची ही गावची रीत, म्हणून हौसाही तोंड उघडून ओठ हलवी.

केरोबुवा हे गावचे हाकारे. आई नसलेल्या लेकरांना हाक मारायचा मान त्यांच्या घराण्याकडे होता. आवाज असा खणखणीत, की वाटेने जाणारे बैलसुद्धा थांबावेत. त्या आवाजाचा बुवांना भारी ताठा होता.

एके दिवशी ते सगळ्यांदेखत म्हणाले, "हौसे, कशाला कड्याची थट्टा करतेस? ओठ हलवून का कुठं हाक होते? उतर खाली. ही हाकेची जागा आहे."

बाया पदराआड हसल्या. हौसा मुकाट्याने उतरली आणि त्या दिवसापासून चौथऱ्याखालच्या गवतात उभी राहू लागली. ताक द्यायला आली तेव्हा तिचे डोळे भरलेले होते. महाराजांनी ओळखले. ते म्हणाले, "बाई, तू हाक मारायची सोडू नकोस. नेणारा बघून घेईल."

पुढे एका सांजेला बकुळीचे करडू पठारावर पळाले आणि पोर त्याच्यामागे गेली. हौसा ओढ्याकाठी धावली, तर पोर नाही! धुके तर चढू लागलेले. गाव गोळा झाले. केरोबुवा चौथऱ्यावर चढले आणि त्यांनी छाती भरून हाक दिली, "बकुळेऽऽ!"

हाक कड्यावर आदळली आणि तशीच परत बुवांच्याच अंगावर आली. असे कधी घडले नव्हते. बुवांनी पुन्हा हाक दिली, पुन्हा तेच. एक म्हातारी हळूच म्हणाली, "बुवा, तिची आय जित्ती हाय. कडा दुसऱ्याची हाक कशी घेईल?"

"मग आईला आवाज कुठाय?" बुवा ओरडले.

हौसा धावत गोठ्यात गेली आणि तिने महाराजांच्या पायांवर डोके ठेवले. महाराज उठले. तिचा हात धरून ते तिला चौथऱ्यापाशी घेऊन आले.

"महाराज, वेळ जातोय," केरोबुवा म्हणाले. "दरी जवळ आहे. मुकीला उभी करून काय होणार?"

"बुवा, जरा बाजूला व्हा," महाराज एवढेच म्हणाले. मग कड्यावर हात ठेवून मायेने बोलले, "बाबा रे, हिचे सगळे जपून ठेवले आहेस ना? आता काढ."

हौसाने तोंड उघडले. गळ्याच्या शिरा ताठ झाल्या, पण आवाज फुटला नाही.

आणि कड्यातून हाक आली! "बकुळे, ये गं माझे बाय!" बाईचा आवाज, थोडा घोगरा, फार मऊ. एकामागून एक हाका येऊ लागल्या, धुक्यात शिरू लागल्या. तान्ह्या पोरीला मारलेल्या, रांगतीला मारलेल्या, कालपरवाच्या. बाया एकमेकींकडे पाहू लागल्या. हा आवाज कोणाच्याच ओळखीचा नव्हता. कोण हाक मारते आहे ते बघायला खुद्द हौसानेही मागे वळून पाहिले!

थोड्या वेळाने धुक्यातून करडू काखोटीला मारून बकुळी बाहेर आली. धुसफुसतच म्हणाली, "आई, किती हाका मारतेस? येतच होते ना!"

पाटलांनी तिला जवळ घेतले. "पोरी, ही तुझी आईच, हे तुला कसं कळलं?"

"म्हंजे? रोज मारते तशीच मारली की."

हौसा मटकन खाली बसली आणि लेकीला छातीशी धरून रडू लागली.

केरोबुवा पुढे आले. ते महाराजांच्या पायांकडे वाकत होते, तोच महाराज मागे सरले. बुवा हौसापुढे गुडघ्यांवर बसले, त्यांनी तिच्या पायांवर मस्तक ठेवले. त्यांना क्षमा मागायची होती. पण गावभर घुमणारा तो आवाज बाहेरच पडेना. नुसते ओठ हलत राहिले.

महाराजांनी त्यांच्या पाठीवर हात ठेवला.

"असू द्या, बुवा," महाराज म्हणाले. "पोहोचले तिला."