सुनावणी पूर्ण झाली

सागवान चोरांना सामील असल्याच्या आरोपावरून वनरक्षक गोदावरी मडावीच्या मागे खात्याची चौकशी लागली होती. तिची नोकरी टांगणीला होती. चौकशी अधिकारी राजहंस साहेबांनाही घाई होती, बाहेर जीप चालूच होती. बराच वेळ ते एकटेच कडाडले. तिनं तोंड उघडलं की, "मध्ये बोलायचं नाही!"

शेवटी उठत ते लघुलेखकाला म्हणाले, "लिहा, सुनावणी पूर्ण झाली."

"झाली की, साहेब," गोदावरी म्हणाली. "तुम्ही मनसोक्त सुनावलंत."

"मग आता काय राहिलं?"

"ऐकणी."

लघुलेखकानं मान वर केली. "साहेब, हेही लिहू?"

साहेब खाली बसले आणि त्यांनी जीप बंद करायला सांगितलं.