दुसऱ्या ओळीला लागलेली झोप

कोल्हापूरचे निर्माते आण्णासाहेब चौगुले सिनेमाच्या चाली नेहमी दुपारी ऐकत, पांढऱ्या रश्शाचं जेवण झाल्यावर, लोडाला टेकून. दुसऱ्या ओळीला ते घोरू लागत आणि जाग आली की म्हणत, "दम न्हाई." ते झोपले होते असं म्हणायची मात्र कुणाची छाती नव्हती. हुपरीकर मास्तरांचं नाव संगीतकार म्हणून फारसं कुणाला ठाऊक नाही, कारण त्यांच्या बऱ्याचशा चाली त्या लोडापाशीच संपल्या.

शेवटी दिग्दर्शकाने बजावलं, "मास्तर, आता चाल पडली तर सिनेमा दुसऱ्याकडे जाईल."

त्या दुपारी मास्तरांनी मुद्दाम सिनेमातली अंगाई काढली. दुसऱ्या ओळीला आण्णासाहेब घोरू लागले. मास्तरांनी गाणं पुरं केलं, पेटी मिटली आणि स्वस्थ बसून राहिले.

आण्णासाहेब जागे झाले. "दम न्हाई, मास्तर."

"शेवटपर्यंत ऐकू आली?"

"मी डोळं मिटून ऐकतो. एक सूर सुटला न्हाई."

"मग फसलीच म्हणायची," मास्तर हळहळले. "अंगाई होती ती. पण या खोलीत दुसऱ्या ओळीपासून कुणीतरी घोरत होतं. त्या भल्या माणसाला तरी लागू पडली."

दिग्दर्शकासकट खोलीतले सगळे हसू दाबत खाली जाजमाकडे बघू लागले. आण्णासाहेबांनी मिशी चोळली.

"ठेवा ती," ते म्हणाले.

पुढे सिनेमा लागला. प्रेक्षक झोपले खरे, पण अंगाईच्या कितीतरी आधी. कथा आण्णासाहेबांची होती.