आधी तुम्ही बसा

एका गावात एका न्हाव्याचं दुकान होतं आणि दुकानात एक लांबलचक बाक. दाढी करून घ्यायची दोघांना, बाकावर बसलेले दहा. कशाला? अहो, गप्पांना! आणि त्या बाकाची रीतच अशी, की जो उठून गेला त्याची पाठ वळायच्या आत त्याचीच निंदा सुरू.

या कामात अण्णांचा हात धरणारा कुणी नव्हता. कुणाची सून उलट बोलते, कुणाचा जावई पितो, सगळं त्यांच्या जिभेवर. म्हणूनच त्यांना धास्ती, की आपण उठलो की आपलीही पाळी! नंबर आला की ते शेजाऱ्याला म्हणत, "आधी तुम्ही बसा, मला कुठे घाई आहे?" सगळे गेल्याशिवाय अण्णा काही बाक सोडत नसत.

त्यातच त्यांची लेक सासर सोडून माहेरी आली. अण्णांनी तिला घरात बसवून ठेवलं, बाहेर ब्र काढला नाही.

एक दिवस तीच लेक धापा टाकत दुकानाच्या दारात उभी राहिली. "अण्णा, चला हो लवकर! आईला कसंतरीच होतंय, ती बोलत नाहीये."

सगळ्यांचे डोळे पोरीवर. अण्णा धास्तावले, पण बायकोसाठी नव्हे. ही कार्टी इथे कशाला आली! आता मी उठलो, की ही माणसं हिची लक्तरं काढणार.

"तू हो पुढे, मी आलोच."

"अहो अण्णा, जा ना!" न्हावी कळवळून म्हणाला.

"तिला नेहमीच घेरी येते," अण्णा म्हणाले, आणि लेकीचा विषय निघू नये म्हणून त्यांनी दुसऱ्याच कुणाच्या सुनेचा विषय काढला.

दुपारी दुकान बंद झालं तेव्हा ते घरी गेले. अंगणात माणसं जमली होती. बायको गेली होती. लेक त्यांच्याशी एक शब्द बोलली नाही, तेव्हाही नाही आणि पुढेही नाही.

दहाव्याला नदीकाठी अण्णा डोकं करायला बसले. जन्मात पहिल्यांदा त्यांचा नंबर पहिला लागला. मान खाली, डोक्यावर वस्तरा, आणि पाठीमागे पायऱ्यांवर तीच बाकावरची मंडळी.

"बायको तिकडे मरत होती आणि हा इकडे लोकांच्या सुना उकरत बसला होता."

"दगड आहे, दगड!"

लेकीचं कुणी नावसुद्धा काढलं नाही. अण्णांना उठून जावंसं वाटलं, पण डोकं अर्धंच झालं होतं. मान खाली घालून त्यांना सगळं ऐकावं लागलं.

तात्पर्य: दुसऱ्याची अब्रू रोज चव्हाट्यावर आणणाऱ्याला आपली अब्रू राखत बसावं लागतं, आणि राखता राखता घरचं माणूस हातचं जातं.