राणीच्या माहेरचे मडके

पूर्वी शोणवती नगरीत पद्मकेतू राजाचे राज्य होते, तेव्हा बोधिसत्त्व आचाऱ्यांच्या कुळात जन्मला आणि पुढे राजाच्या पाकशाळेचा प्रमुख झाला. त्याचे नाव रुचक. एकदा जिभेवर आलेला पदार्थ तो दुसऱ्या दिवशी हुबेहूब करून वाढी. याचा त्याला अभिमान होता. बोधिसत्त्व झाला तरी त्या जन्मी तो आचारीच होता, आणि अभिमान नसलेला आचारी अजून कुणी पाहिलेला नाही.

त्या राजवाड्यात सात पिढ्यांचा एक रिवाज होता. पाकशाळेतले मातीचे भांडे दुसरा दिवस पाहत नसे. दिवसभराची सगळी मडकी संध्याकाळी प्रमुख आचारी स्वतःच्या हाताने मागच्या भिंतीवर आपटून फोडी. शिळे किंवा आंबलेले काही राजाच्या पोटात जाऊ नये, हा हेतू. त्यामुळे राजा निर्धास्त होता आणि कुंभार तर फारच खूश होते. भिंतीमागे खापरांची एक टेकडीच तयार झाली होती आणि तिच्यावर गावच्या शेळ्या चढत.

राजाने वेणुदेशची कुमुदा राणी करून आणली. वेणुदेश म्हणजे बारा दिवसांच्या वाटेवरचा डोंगराळ मुलूख. तिथे नायकापासून गुराख्यापर्यंत सगळ्यांची सकाळ नाचणीच्या आंबिलीने उजाडे. कुमुदेच्या आईने, मेदिनीने, लेकीच्या दागिन्यांबरोबर फडक्याने तोंड बांधलेले एक काळे मडके पाठवले होते. सामानाबरोबर ते पाकशाळेत पोचले तेव्हा संध्याकाळ झाली होती. रुचकाने फडके सोडले. आत पिठाचा आंबूस वास, वर बुडबुडे. वाटेत नासले असेल, असे म्हणून त्याने ते इतर मडक्यांबरोबर भिंतीवर आपटले आणि विसरून गेला.

कुमुदा वाढलेले मुकाट्याने खाई. तुपात न्हालेले मांडे, केशराची खीर, भाजलेले मांस. आधी तिचे पोट दुखू लागले, मग फुगू लागले. मग झोप गेली, केस गळू लागले. रानातल्या प्रत्येक पाखराचे नाव सांगणाऱ्या त्या मुलीला आता रोजच्या दासीचे नाव आठवेना. कारण नसताना ती रडू लागे आणि का रडते ते तिलाच कळत नसे. राजवैद्य म्हणाले, "अशक्तपणा आहे, तूप वाढवा." तूप वाढत गेले आणि राणी उतरत गेली.

एकदा तिने रुचकाला विचारले, "दादा, नाचणीची आंबील करता येईल का हो?"

न येऊन कसे चालेल! त्याने नव्या मडक्यात ताजे पीठ शिजवून, लिंबू पिळून आंबील केली. राणीने घोट घेतला आणि वाटी हळूच खाली ठेवली. "छान झालीय. पण ही ती नव्हे." मग त्याने चिंच घालून पाहिली, आमसूल घालून पाहिले, ताक घालून पाहिले. वीस दिवसांत सतरा वेळा केली.

"ही आंबट आहे, दादा," ती म्हणाली. "आमच्याकडची जरा… जागी असते."

वैद्यांनी वैशाखी पौर्णिमेपलीकडची आशा सोडली होती. राजा रुचकाला म्हणाला, "तिला पोटभर जेवायला लाव. पाच गावे देतो." रुचकाने जिभेला फसवण्याचे होते नव्हते तेवढे कसब लावून ताट सजवले आणि समोर उभा राहिला. त्याचे मन मोडू नये म्हणून राणी सगळे ताट जेवली. राजाने आनंदाने हातातले कडे काढून रुचकाला दिले. त्यानंतर तीन दिवस राणीच्या पोटात पाणीसुद्धा ठरले नाही.

चौथ्या दिवशी रुचक तिच्या बिछान्याशी बसला. यापूर्वीच विचारायला हवे होते ते त्याने आता विचारले. "देवी, तुमची आई आंबील करते कशी?"

"आईचं मडकं कधी घासत नाहीत," राणी म्हणाली. बोलताना तिचा चेहरा जरा उजळला. "तळाला थोडं राखायचं आणि त्यातच नवं पीठ कालवायचं. सकाळी हवं तेवढं काढून शिजवायचं. आजीला ते तिच्या आजीनं दिलं होतं. माझ्याबरोबरही एक पाठवलं होतं. वाटेत कुठं राहिलं, कोण जाणे."

रुचकाला ते फडके बांधलेले मडके आठवले. त्या संध्याकाळी पाकशाळेत दुसरे कुणी नव्हते. तो गप्प राहिला असता तर जगात कुणालाही कळले नसते.

"देवी, ते वाटेत राहिलं नाही. मी फोडलं."

राणीने मान त्याच्याकडे वळवली. "काळं होतं ना? काठाचा टवका उडालेलं?"

"होय."

"लहानपणी माझ्याच हातून पडलं होतं ते," ती म्हणाली आणि भिंतीकडे तोंड करून निजली.

रुचक तडक राजाकडे गेला. त्याने कडे परत दिले, घडले ते सांगितले आणि वेणुदेशला जाऊन दुसरे मडके आणण्याची परवानगी मागितली.

राजा संतापला. "आंबलेलं अन्न या वाड्यात शिजणार नाही!"

"वाड्यात नाही, महाराज. वाड्याबाहेर शिजेल. आणि त्यासाठी मला आपला आचारी राहता येणार नाही." असे म्हणून रुचकाने मानाची चांदीची पळी राजापुढे ठेवली. पौर्णिमेला महिना उरला होता आणि वाट जाऊन येऊन चोवीस दिवसांची होती. तो तसाच निघाला.

वेणुदेशात मेदिनी दारातच बसलेली होती. पाहुणा शोणवतीचा आहे हे कळताच तिने पाणीही द्यायचे विसरून विचारले, "कशी आहे माझी लेक? जेवते ना?"

बारा दिवस रुचक या प्रश्नाचे उत्तर जुळवत आला होता. आयत्या वेळी त्यातले एकही कामी आले नाही. "नाही जेवत, आई. आणि चूक माझी आहे."

त्याने सगळे सांगितले. मेदिनीने त्याला शिव्या दिल्या नाहीत. हाताला धरून आत नेले. चुलीशेजारी आंबवणाचे मडके होते आणि त्याच्याजवळ एक छोटी वाटी. लेक सासरी गेल्यापासून रोज सकाळी ती पहिली पळी त्या वाटीत ओती, दुपारपर्यंत ठेवी आणि मग वासराला पाजी.

"वासरू मात्र गुटगुटीत झालंय," ती म्हणाली आणि हसायला गेली, पण तिला हसू आले नाही.

मग ती म्हणाली, "पोटात आपण एकटेच राहत नाही, बाबा. आणखीही कुणीकुणी राहतं, डोळ्यांना न दिसणारं. लहानपणापासून जे मिळत आलं, त्यावरच ते जगतं. ते उपाशी राहिलं की माणसाला झोप लागत नाही नि कशात मनही लागत नाही. आमच्या म्हाताऱ्या तसं सांगायच्या."

तिने मडक्याचे तोंड बांधले आणि सगळेच्या सगळे त्याच्या हाती दिले. रुचक म्हणाला, "थोडं तुमच्यासाठी ठेवा."

"थोडंसं नेलंस तर उन्हात वाटेतच मरेल. भरलेलंच नेलं पाहिजे. दुसऱ्या घरचं आंबवण मला सोसत नाही, पण माझं काय, भातावर भागेल."

भागणार नाही, हे दोघांनाही ठाऊक होते. ती उंबऱ्यापर्यंत आली. "तिला सांग…" एवढेच बोलून थांबली. "नको, काही सांगू नकोस. मडकं दे."

रुचकाने वाटेत स्वतःआधी मडक्याची सोय पाहिली. रोज संध्याकाळी मूठभर पीठ, ओंजळभर पाणी, दिवसभर ओल्या फडक्याची सावली. पौर्णिमेला चार दिवस असताना तो पोचला. वाड्याच्या मागच्या दाराबाहेर, खापरांच्या टेकडीशेजारी, चिंचेखाली त्याने तीन दगडांची चूल मांडली. राणीला डोलीतून तिथे आणले. वाड्याबाहेर ती काय खाते याच्याशी रिवाजाचा संबंध नाही, असे राजा म्हणाला. म्हणताना त्याने तोंड दुसरीकडे फिरवले होते, कारण त्याचे डोळे भरले होते.

कुमुदेने आधी मडक्यावर तळवा ठेवला. मग वाकून वास घेतला आणि तशीच वाकून राहिली.

पहिल्या दिवशी रुचकाने तिला वरची आंबट निवळ तीनच घोट दिली. ती आणखी मागत होती, पण त्याने दिली नाही. चौथ्या दिवशी पातळ आंबील. मग मऊ भात, मुगाचे वरण, पालेभाजी. तुपाला त्याने बरेच दिवस लांबच ठेवले. पौर्णिमा आली आणि गेली. राणी त्या रात्री गाढ झोपली होती. दोन महिन्यांनी तिचे केस गळायचे थांबले, आणि एके सकाळी तिने दासीला नावाने हाक मारली. दासी आनंदाने रडली.

पण बरी झालेली राणी पुन्हा रडू लागली. राजा घाबरून रुचकाकडे धावला आणि दोघे तिच्याकडे आले.

"पोट दुखतंय का?" राजाने विचारले.

"नाही," ती म्हणाली. "आजारी होते तेव्हा आईची आठवणसुद्धा नीट येत नव्हती. नुसतं पोट दुखायचं. आता ती समोर दिसते. दारात बसलेली."

राजाने रुचकाला पाच गावे देऊ केली, पळीही परत दिली. रुचक म्हणाला, "गावं नकोत, महाराज. पाकशाळेत एक मडकं न फुटता राहू द्या. आणि त्यातलं थोडं जिथून आलं तिथं परत जाऊ द्या. मात्र ते मी नेऊन चालणार नाही."

राजाला समजले. पावसाळा सरल्यावर कुमुदा माहेरी निघाली. डोलीत बारा दिवस तिने मडके मांडीवरून खाली ठेवले नाही. मेदिनी फार वाळली होती. लेकीने स्वतः चूल पेटवली, आंबील शिजवली, निववली आणि त्याच छोट्या वाटीत आईला दिली.

मेदिनीने घोट घेतला. "थोडी गोड झालीय."

"तिकडचं पाणी, आई."

मेदिनीने सगळी वाटी संपवली आणि पुन्हा पुढे केली.

ही कथा शास्त्यांनी, म्हणजे भिक्षुसंघाच्या गुरूंनी, केसरा नावाच्या भिक्षुणीसाठी सांगितली. भिक्षेचे अन्न तिला सोसेना, घराची ओढ सुटेना, आणि हे दुःख बोलायची तिला लाज वाटे. कथा संपवून शास्ते म्हणाले, "तेव्हाचा पद्मकेतू राजा तो आजचा वृद्ध भिक्षू, स्थविर उदाक. कुमुदा ती तू. मेदिनी ती तुझी आताची आई कुंदा, जी नदीपलीकडे आजही जेवायला बसताना तुझ्या वाटचा घास बाजूला काढते. आणि मडके फोडणारा आचारी रुचक तो मीच होतो. जे आपल्या हातून फुटले ते आपल्याच तोंडाने सांगणे, ही त्या जन्मीची माझी सत्यपारमिता, सत्याच्या व्रताची पूर्णता."

केसरेने डोळे पुसले. मग तिने भिक्षापात्र जवळ ओढले आणि पहिला घास घेतला.