गोरखचिंचेखालची तिवई

गोरखचिंचेची झाडं झोपेत बोलत, त्या काळची ही आफ्रिकेतली गोष्ट. समुद्रापलीकडून आलेला सिंह तिथल्या तळ्यावर उंच सिंहासनावरून राज्य करी. सगळ्या प्राण्यांनी मिळून त्याला हाकललं आणि गोरखचिंचेच्या पडलेल्या फांदीची बुटकी तिवई केली. दर पावसाळ्याला तिच्यावर नवा कारभारी बसणार होता.

पहिला मान लढाईत पुढे असलेल्या वानराला मिळाला. पण "मला सगळे दिसायला हवेत," म्हणत तो दरसाल तिवईचे पाय वाढवू लागला. पावसाळा आला की म्हणे, "या की कुणीही! मी कुठं अडवलंय?" ससा, कासव वर बघत आणि माघारी जात.

तिवईला आता तळं धुक्यासारखं दिसे. खालचं बोलणं ऐकूच येईना.

एका दुपारी वानराला तिवईवरच गाढ झोप लागली. तिवईचा पाय चढून वर आलेली वाळवी तिच्याशी कुजबुजली, "खाऊ का गं? दुखेल हं."

"दुखू दे," तिवई पेंगत म्हणाली. "फक्त तिन्ही पाय सारखे खा. त्याला पाडायचं नाही, खाली आणायचंय."

वानर जागा झाला तेव्हा आभाळ भरून आलं होतं आणि त्याचे पाय जमिनीला टेकले होते. समोर कासव उभं होतं.

"उठताय ना, दादा?"